पुरवणी जबाबातलं चौथं नाव

‘त्यांनी अटकपूर्व जामिनाचा अर्ज टाकलाय, आता पोलिसांना हात लावता येत नाही.’ माझ्या धाकट्या भावावर कोयत्यानं वार झाला, त्यानंतरच्या आठवड्यात हे वाक्य मी चावडीवर ऐकलं, चहाच्या टपरीवर ऐकलं, दवाखान्यात भेटायला आलेल्या पाहुण्यांकडून ऐकलं. पोलीस ठाण्यातल्या एका हवालदारांनीही तेच सांगितलं. हे साफ चुकीचं आहे. पण ते चुकीचं आहे हे कळायला मला वकील गाठावा लागला, आणि तोवर ज्याच्या हातात कोयता होता तो कुठल्या कुठं निघून गेला होता.

आमचं गाव सांगली जिल्ह्यातल्या द्राक्षपट्ट्यात. बागेकडं जाणारी वाट भावकीतल्या एका घराच्या बांधावरून जाते. तीन पिढ्यांची वहिवाट. दोन वर्षांपूर्वी त्यांनी ती नांगरून टाकली, म्हणून आम्ही मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडं दावा केला. वाट मोकळी करावी असा निकाल लागला. निकालाचा कागद घरात आला, वाटेवरची तार मात्र तशीच राहिली. ऑक्टोबर २०२५ मध्ये, दसरा होऊन आठवडा झाला असेल, बागेला डावणी रोगाचं औषध मारायचं होतं. पाऊस उघडत नव्हता आणि एक फवारणी चुकली की घड हातचे जातात. बापूनं, म्हणजे माझ्या भावानं, फवारणीचा ब्लोअर जोडलेला ट्रॅक्टर संध्याकाळी वाटेवर घातला आणि तार सोडायला खाली उतरला.

मी तेव्हा तासगावात होतो, खतं-औषधांच्या दुकानात मी हिशेब सांभाळतो. त्यामुळं पुढचं मी पाहिलेलं नाही, बापूनं सांगितलं ते लिहितो. त्या घरचा थोरला मुलगा कोयता घेऊन आला, धाकटा लोखंडी पाइप घेऊन. त्यांचे वडील, त्यांना आम्ही लहानपणापासून अण्णा म्हणतो, बांधावर उभे राहून ‘सोडू नका त्याला’ असं ओरडत होते. पाइपचे दोन फटके पाठीत बसले. कोयता डोक्यावर येतोय हे बघून बापूनं डावा हात आडवा घातला. कोपराच्या खाली चार बोटांच्या अंतरावर वार बसला. हाड तुटलं आणि करंगळीकडं जाणारी नस कापली गेली. आमचे चुलते, तात्या, शेजारच्या तुकड्यातून धावत आले, तोवर तिघं पळाले होते. तात्यांनी खांद्यावरचा टॉवेल सोडून त्याच्या हाताला आवळून बांधला. तो टॉवेल नंतर पोलिसांनी जप्त केला. खाकी कागदात गुंडाळून, दोरा बांधून, लाखेचं सील ठोकून, वर पंचांच्या सह्यांचं लेबल. तात्यांचा तो रोजचा, निळ्या काठाचा टॉवेल टेबलावर तसा पडलेला बघून मला पहिल्यांदा रडू आलं. दवाखान्यात आलं नव्हतं.

फिर्याद तात्यांनी दिली. रात्री दीड वाजता गुन्हा दाखल झाला. भारतीय न्याय संहितेची कलमं १०९, ११८(२), ११५(२), ३५२, ३५१(२) आणि ३(५). १०९ म्हणजे खुनाचा प्रयत्न. १ जुलै २०२४ पासून नवे कायदे आले, तरी गावात अजून सगळे जुन्या दंड संहितेतल्या कलमावरून ‘तीनशेसात लागलं’ असंच म्हणतात. ११८(२) म्हणजे पूर्वीचं ३२६, घातक हत्यारानं गंभीर दुखापत. बाकीची मारहाण, अपमान, धमकी आणि समान इराद्याची. फिर्यादीत नावं तीन: थोरला, धाकटा आणि अण्णा.

तिसऱ्या दिवशी तात्यांनी पुरवणी जबाब, म्हणजे फिर्यादीनंतरचा जादा जबाब, दिला आणि त्यात चौथं नाव आलं. अण्णांचा पुतण्या. त्यानं म्हणे बापूला मागून धरलं होतं.

मी तेव्हा मिरजेत आयसीयूच्या बाहेर होतो. चौथ्या नावाचं मला फोनवर कळलं. खरं सांगायचं तर त्या वेळी मला बरं वाटलं. जितके आत जातील तितकं थोडंच, असं मन म्हणत होतं.

चौघांनी सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज दाखल केल्याचं आम्हाला आमच्या वकीलबाईंकडून समजलं. त्यांच्या क्लार्कनं ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर नाव घालून शोधलं आणि प्रकरणाचा सीएनआर क्रमांक, म्हणजे त्या प्रकरणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक, मला लिहून दिला. तेव्हापासून तारीख काय पडली, काय आदेश झाला, हे मला कुणाला विचारावं लागलं नाही. त्यांच्याच ऑफिसात बसून मी पहिल्यांदा हा प्रकार नीट समजून घेतला. अटकपूर्व जामीन पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४३८ मध्ये होता, आता तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ४८२ मध्ये आहे. अटक होण्याची सबळ भीती असेल तर सत्र न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात जाता येतं. कोर्टानं मंजूर केला तर अटक झाली तरी जामिनावर सोडावं लागतं.

“आणि अर्ज नुसता पडून असेल तर?” मी विचारलं.

“तर काही नाही. अंतरिम, म्हणजे तात्पुरत्या, संरक्षणाचा आदेश असेल तरच अटक थांबते. अर्ज म्हणजे आदेश नव्हे. हे तुमच्या तपासी अंमलदारांना माहीत असतं.”

पहिल्या तारखेला कोर्टानं सरकार पक्षाला नोटीस काढली आणि पोलिसांचा से, म्हणजे लेखी म्हणणं, मागवला. अण्णांना वयामुळं आणि पुतण्याला पुढच्या तारखेपर्यंत अंतरिम संरक्षण मिळालं. दोन्ही मुलांना मिळालं नाही. पुढची तारीख दिवाळीच्या सुट्टीनंतरची. मी आदेशाची छापील प्रत घेऊन पोलीस ठाण्यात गेलो. “साहेब, संरक्षण दोघांनाच आहे. बाकीच्या दोघांना नाही.” त्यांनी आदेश वाचला, मान हलवली. घराला कुलूप आहे, फोन बंद आहेत, शोध सुरू आहे, असं उत्तर मिळालं. आम्ही दिवाळी केली नाही. आईनं दारात एक पणती लावली, तीही बापू घरी यावा म्हणून. रस्त्यापलीकडच्या त्या घराला कुलूप होतं आणि त्यांच्या गोठ्यातली जनावरं शेजारी सांभाळत होते, हे मला दोन्ही वेळेला दिसायचं, जाताना आणि येताना.

सुट्टीत वकीलबाईंनी बोलावलं. टेबलावर फिर्यादीची प्रत होती. त्यांनी चष्मा काढून ठेवला आणि विचारलं, “हा पुतण्या खरंच तिथं होता का?”

मी म्हणालो, “तात्यांनी सांगितलंय.”

“तात्यांचं नाही विचारलं. बापूंनी पोलिसांना दवाखान्यात जबाब दिला, त्यात काय सांगितलं?”

मला माहीत होतं. चौथ्या दिवशी तपासी अंमलदार वॉर्डात आले तेव्हा मी उशाशीच उभा होतो. बापूनं तीनच नावं सांगितली होती. कुणी मागून धरलं का, असं त्यांनी दोनदा विचारलं होतं आणि बापू दोन्ही वेळा नाही म्हणाला होता. धरलं असतं तर हात आडवा कसा घालता आला असता, असंही तो म्हणाला होता.

वकीलबाई शांतपणे म्हणाल्या, “दोन्ही जबाब पोलिसांच्या केस डायरीत आहेत. डायरी न्यायाधीश साहेब वाचणार. त्यांच्या वकिलानं पुतण्याच्या चाकणच्या कंपनीचा हजेरीचा उतारा जोडलाय, त्या दिवशी तो दुसऱ्या पाळीला कामावर होता. एक नाव खोटं ठरलं की कोर्ट उरलेल्या तीन नावांकडंही त्याच नजरेनं बघतं. मला तुमच्या भावाच्या हाताबद्दल बोलायचंय. चाकणच्या गेटबद्दल नाही.”

त्या रात्री मी तात्यांकडं गेलो. कबूल करायला त्यांनी फार वेळ लावला नाही. पुतण्याच्या वडिलांशी त्यांचं बोअरवरून जुनं बिनसलेलं होतं, आणि चावडीवर कुणीतरी सल्ला दिला होता की नावं जास्त असली की गुन्हा भक्कम होतो. “पोराची नोकरी गेली असती म्हणजे त्यांना कळलं असतं,” ते म्हणाले. मग गप्प झाले. मग एकदम माझ्यावर उसळले, “माझ्या मांडीवर त्याचं रगत सांडलंय. तू तिथं नव्हतास. आता तू मला खोटा ठरवणार?”

मला त्यांच्याशी भांडता येईना. ज्या माणसानं टॉवेल बांधला म्हणून माझा भाऊ वाचला, त्याला मी काय बोलणार? एवढंच म्हणालो, “तात्या, बापूनं तीन सांगितलीत. मी बापूचं धरणार.” त्यांनी मला दार दाखवलं नाही, पण उठून आतल्या खोलीत गेले.

जामिनाच्या सुनावणीत आपलंही ऐकावं असा हस्तक्षेप अर्ज बापूच्या नावानं दिला. वकीलपत्रावर त्यानं पलंगावर बसून उजव्या हातानं सही केली. जखमी माणसाला जामिनाच्या सुनावणीत बोलता येतं हे मला ठाऊक नव्हतं. मला वाटायचं, ते सरकार आणि आरोपी यांच्यातलं. २०२२ मध्ये लखीमपूर खेरीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं जामीन रद्द करताना स्पष्ट केलं की पीडिताला प्रत्येक टप्प्यावर ऐकून घेतलं पाहिजे. तरी बाजू मांडायची असते सरकारी वकिलांनीच, आपला वकील त्यांना साहाय्य करतो आणि आपलं म्हणणं लेखी देतो. म्हणून सुनावणीच्या आधी सरकारी वकिलांच्या हातात आपले कागद पोचलेले असणं फार महत्त्वाचं. त्यांच्याकडं त्या एका दिवसात कितीतरी प्रकरणं असतात.

आमचा सगळ्यात महत्त्वाचा कागद होता जखमेचं प्रमाणपत्र, आणि तोच मिळत नव्हता. दवाखाना म्हणे, पोलिसांचं पत्र आणा, आम्ही थेट नातेवाइकांना देत नाही. पोलीस म्हणत, पत्र दिलंय. मी चार हेलपाटे घातले. चौथ्या वेळी पोलीस शिपायाला माझ्याच मोटारसायकलवर मागं बसवून मिरजेला नेलं, तेव्हा पत्राची पोच आणि प्रमाणपत्र दोन्ही एकाच तासात हातात पडलं. त्यावर तीन जखमा होत्या. डाव्या हातावर धारदार हत्यारानं झालेली, हाडाच्या फ्रॅक्चरसह, गंभीर. पाठीवरच्या दोन, कठीण आणि बोथट वस्तूनं झालेल्या, साध्या. ‘गंभीर’ हा शब्द कोर्टात आपल्या बोलण्यातला शब्द नसतो. न्याय संहितेच्या कलम ११६ मध्ये गंभीर दुखापतीचे आठ प्रकार दिलेत आणि हाड मोडणं त्यातला एक आहे. पाठीवरचे वळ नुसते काळेनिळे आहेत म्हणून ते त्यात बसत नाहीत. बापू त्या वळांमुळं तीन आठवडे पालथा झोपला होता. कागदावर ते ‘साधी’ राहिले.

सुनावणीच्या दिवशी आम्ही दहा वाजताच पोचलो. कॉरिडॉरमध्ये एकच लाकडी बाक होता आणि त्याच्या दुसऱ्या टोकाला अण्णा बसले होते, टोपी मांडीवर ठेवून. एकाहत्तर वर्षांचा माणूस. आमच्या वडिलांच्या मयतीला यांनीच पुढं होऊन लाकडं रचली होती. आमच्यात दोन माणसं बसतील एवढी जागा होती आणि पुकारा होईपर्यंत तिथं कुणी बसलं नाही.

त्यांच्या वकिलांनी मुद्देसूद मांडलं, हे मला मान्य करावं लागेल. वाद मुळात वाटेचा, दिवाणी. कुणावरही आधीचा गुन्हा नाही. वार एकच, तोही हातावर, मर्मस्थानी नाही, त्यामुळं १०९ लागतच नाही. हत्यार हजर करायला तयार आहोत, त्यासाठी कोठडी कशाला? इथं त्यांनी सुप्रीम कोर्टाचा १९८० चा गुरबक्षसिंग सिब्बिया निकाल काढला. पाच न्यायमूर्तींचं ते खंडपीठ, निकाल सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी लिहिलेला. अटकपूर्व जामिनावर असलेल्या माणसानंही हत्यार काढून दिलं तर तेवढ्यापुरता तो कोठडीत आहे असं मानता येतं, असं त्यात म्हटलंय. शिवाय म्हेत्रे विरुद्ध महाराष्ट्र राज्य, २०१०, आणि सुशीला अगरवाल, २०२०. गुन्हा गंभीर आहे एवढ्यावर दार बंद होत नाही, प्रत्येकाची भूमिका वेगळी तपासायची, आणि संरक्षणाला सहसा मुदत घालायची नाही.

पोलिसांचा से दोन पानांचा होता. गुन्हा गंभीर आहे, हत्यार जप्त करायचं आहे, साक्षीदारांवर दबाव येईल, आरोपी पसार आहेत. कुणी काय केलं हे त्यात वेगळं लिहिलेलंच नव्हतं, चौघांना मिळून एकच परिच्छेद. साहेबांनी विचारलं, “मेडिकल कुठंय?” सरकारी वकिलांनी आम्ही सकाळी दिलेली प्रत पुढं केली. मिरजेचा तो चौथा हेलपाटा झाला नसता तर त्या क्षणी त्यांच्या हातात काय असतं, हा विचार अजून मनात येतो.

मग वकीलबाई उभ्या राहिल्या. त्यांनी सुरुवातच अशी केली, “अर्जदार क्रमांक चार यांच्या अर्जाला जखमीतर्फे विरोध नाही. जखमीच्या जबाबात त्यांचं नाव नाही.” साहेबांनी डायरीतून मान वर केली. त्यानंतर त्या फक्त हाताबद्दल बोलल्या. वार हातावर झाला तो हात डोक्यासमोर होता म्हणून. खुनाच्या प्रयत्नात जखम कुठं बसली एवढंच बघायचं नसतं, वार कुठं रोखला होता, कशानं आणि किती ताकदीनं, यातून हेतू दिसतो. हाड तुटून नस कापेपर्यंत कोयता आत गेला. आणि अंतरिम संरक्षण नसतानाही हा माणूस महिनाभर मिळत नाही.

सगळं मिळून वीस-पंचवीस मिनिटं. महिनाभर मी ज्याची वाट पाहिली ते इतक्यात संपलं.

आदेश तीन दिवसांनी झाला. पुतण्याचा अर्ज मंजूर. अण्णांचा मंजूर: वय, हातात हत्यार नाही, फक्त चिथावणीचा आरोप. धाकट्याचाही मंजूर, कारण त्याच्या वाट्याला आलेल्या जखमा साध्या. पण अटी कडक. पंचवीस हजारांचा जातमुचलका, म्हणजे स्वतःचं हमीपत्र, आणि तेवढ्याच रकमेचा जामीनदार, पाइप पोलिसांकडं जमा करायचा, दर रविवारी हजेरी, आणि दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत गावात पाऊल ठेवायचं नाही. थोरल्याचा नामंजूर.

आई फोनवर ओरडली, “तिघं सुटले?” मी तिला संध्याकाळभर समजावत होतो की सुटलेलं कुणी नाही. गुन्हा आहे, तपास आहे, खटला चालणार आहे. त्यांना आत्ता आत ठेवून चौकशी करायची गरज आहे का, एवढंच कोर्टानं ठरवलं. साक्षीदाराला धमकावलं, अट मोडली, तर हाच जामीन रद्द करून घ्यायला जाता येतं. तिला ते पटलं नाही. धाकट्याच्या बाबतीत मलाही पूर्ण पटलेलं नाही. दोघं मिळून आले होते, पाइप पाठीत बसला म्हणून बापू वाकला, आणि वाकला म्हणून कोयता डोक्यावर आला. आदेशात त्या दोन फटक्यांना जेवढं वजन दिलंय त्याहून ते जड होते, असं माझं मत आजही आहे. पण पुतण्याबद्दल आम्ही खरं बोललो नसतो तर थोरल्याचा अर्ज फेटाळला गेला असता का, याचीही मला खात्री नाही.

थोरला उच्च न्यायालयात गेला. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालंय, सांगली जिल्हा त्याच्याच कक्षेत येतो. पूर्वी याच कामाला रात्रीच्या गाडीनं मुंबई गाठावी लागली असती. आम्ही सकाळी निघालो आणि संध्याकाळी दुकानाची वही लिहायला मी परत आलो होतो. तिथं फार काही झालं नाही. न्यायमूर्तींनी जखमेचं प्रमाणपत्र पाहिलं, दोन प्रश्न विचारले, कल लक्षात येताच त्याच्या वकिलांनी अर्ज मागं घेतला. दोन दिवसांनी तो स्वतःच पोलीस ठाण्यात हजर झाला. कोठडीत त्यानं निवेदन दिलं आणि पंचांसमोर गोठ्यामागच्या कडब्याच्या गंजीतून कोयता काढून दिला. घराला कुलूप लागलं त्या सगळ्या दिवसांत शेजारी त्याच गंजीतून जनावरांना वैरण घालत होते.

नव्वद दिवसांच्या आत दोषारोपपत्र आलं. आरोपी तीन. चौथं नाव त्यात नाही. पुतण्याची नोकरी टिकली, असं कानावर आलं. आमच्याशी तो बोलत नाही आणि का बोलावं?

तात्या अजून आमच्या घरी जेवायला बसत नाहीत. खटल्यात पहिली साक्ष फिर्यादी म्हणून त्यांचीच होईल. वकीलबाईंनी त्यांना दोनदा बोलावलं, गेले नाहीत. तिसऱ्यांदा मी न विचारता मोटारसायकल त्यांच्या दारात उभी केली, तेव्हा काही न बोलता मागं बसले.

यंदाच्या खरड छाटणीला बापू बागेत आला. कात्री उजव्या हातात व्यवस्थित चालते. काडी धरायला डावा हात लागतो, आणि त्याची करंगळी व शेजारचं बोट मिटत नाही. तो काडी कोपराच्या बेचक्यात दाबून धरतो आणि कापतो. एका ओळीला पूर्वीच्या दुप्पट वेळ लागतो. कोर्टानं आरोपींवर दोषारोप अजून ठेवलेले नाहीत, म्हणजे साक्षी सुरू व्हायच्याच आहेत.